पटकथा सहा भाषांत, लेखक मात्र पडद्याआड

डहाणू रोडपर्यंत २०१३ मध्ये लोकल धावू लागली आणि पालघर-बोईसरच्या तरुणांना अंधेरी-गोरेगावचे स्टुडिओ थोडे जवळ आले. तारापूर औद्योगिक वसाहतीतील पाळी सोडून पटकथालेखनाची उमेदवारी करावी काय, हा प्रश्न या पट्ट्यातील होतकरू लेखकापुढे उभा राहिला, तर त्याला प्रथम प्रादेशिक चित्रपटाचे अर्थकारण तपासावे लागेल. ते फारसे आश्वासक नाही.

विजय तेंडुलकर यांचीच कारकीर्द पाहा. 'सामना' (१९७५), 'सिंहासन' (१९७९) आणि 'उंबरठा' (१९८२) या चित्रपटांनी मराठी पटकथेला प्रौढत्व दिले. परंतु पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला तो हिंदी 'मंथन'साठी. 'आक्रोश' आणि 'अर्धसत्य' हेही हिंदीच. पाठीशी नाटक आणि पत्रकारिता होती, हे विसरून चालणार नाही. केवळ मराठी पटकथेवर त्यांच्याएवढ्या लेखकानेही आपली कारकीर्द उभी केली नाही.

त्यानंतर बाजार वाढला, लेखकाचे स्थान मात्र त्या प्रमाणात उंचावले नाही. 'सैराट' (२०१६) हे याचे बोलके उदाहरण. मराठीतील ही कथा कन्नड, पंजाबी, ओडिया, बंगाली आणि हिंदीत नव्याने चित्रित झाली. ओडियातील 'लैला ओ लैला' २०१७ मध्ये आला. नागराज मंजुळे हे 'सैराट'चे लेखक तर होतेच, शिवाय दिग्दर्शक आणि सहनिर्मातेही होते. ज्याच्या हाती फक्त लेखणी आहे, त्याची गोष्ट वेगळी. करारात सर्व हक्क निर्मात्याकडे, असे एक वाक्य असले की कथा दुसऱ्या भाषेत गेल्यावर लेखकाला विचारण्याचे कारणच उरत नाही. पटकथाकार दिग्दर्शनाकडे वळतात, त्यामागे केवळ कलेची ओढ असते असे मानणे भाबडेपणाचे ठरेल.

प्रताधिकार कायद्यातील २०१२ च्या दुरुस्तीने थोडा आधार दिला. चित्रपटगृहाबाहेरील वापरातून मिळणाऱ्या मानधनात लेखकाचा समान वाटा राहतो आणि वारस किंवा प्रताधिकार संस्था वगळता तो अन्य कोणाला देऊन टाकता येत नाही. पण पहिल्या संधीसाठी धडपडणारा नवखा लेखक कायद्याचे कलम पुढे करून निर्मात्याशी वाद घालील, ही अपेक्षा अवास्तव आहे.

पालघरच्या दृष्टीने हा प्रश्न अधिक जवळचा आहे. १९४५ चा वारली उठाव, तारापूर अणुऊर्जा केंद्राच्या विस्तारात उठलेली अक्करपट्टी व पोफरण ही गावे, ऑगस्ट २०२४ मध्ये पायाभरणी झालेल्या वाढवण बंदराबाबतची मच्छीमारांची धास्ती, असा ऐवज येथे पावलोपावली आहे. तो पडद्यावर कोण नेणार, आणि नेल्यावर त्यावर नाव व हक्क कोणाचा राहणार? स्थानिक लेखकाने कथा तोंडी ऐकवून मोकळे होणे धोक्याचे आहे. स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे संहितेची नोंदणी ऑनलाइन करता येते. त्यासाठी बोईसरहून अंधेरी गाठण्याची गरज नाही. पुनर्निर्मितीचा मोबदला, श्रेयनामावलीतील स्थान आणि हप्त्यांच्या तारखा मात्र करारात स्वतंत्रपणे लिहून घ्याव्या लागतील, आणि त्या कथा सांगण्यापूर्वी.