तीस दिवसांची नोटीस

रमजान एकोणतीस दिवसांचा की तीस, हे चंद्र ठरवतो. विवाह अधिकाऱ्याच्या फलकावरची नोटीस मात्र पक्की तीस दिवसांची असते. मुलगा एका धर्माचा, मुलगी दुसऱ्या धर्माची आणि दोघांनाही आपापला धर्म सोडायचा नसेल, तर त्यांच्यासाठी १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे. १८७२ च्या जुन्या कायद्यात आपण कोणताच धर्म मानत नाही असे भिन्नधर्मीयांना जाहीर करावे लागे. ती अट गेली, नोटीस राहिली.

या नोटिशीत दोघांची नावे, वय, व्यवसाय आणि राहण्याचे पत्ते असतात. हरकत कशावर घेता येते? आधीचा जोडीदार हयात असणे, वय कमी असणे, निषिद्ध नाते, मानसिक असमर्थता. धर्म वेगळा ही हरकतच नव्हे. पण फलक वाचणारा हरकत नोंदवत बसत नाही. तो मुलीच्या बापाला फोन करतो.

म्हणून घाबरलेली जोडपी दुसरी वाट धरतात. एकाने धर्म बदलला की निकाह किंवा सप्तपदी एका दिवसात उरकते. धर्मांतराच्या नावाने रोज ओरडणाऱ्यांनी हे जरूर पाहावे की, माणसे धर्मांतराकडे ढकलली जातात ती याच फलकामुळे. आणि मुस्लिम समाजानेही जरा थांबावे. नियतीशिवाय रोजा होत नाही, हे घराघरांत लहान मुलांना शिकवतात. मग लग्नाच्या घाईत दहा मिनिटांत पढवलेला कलमा कोणत्या नियतीचा? मुलाने परधर्माची मुलगी आणली तर नाव बदलून तिला सामावून घ्यायचे आणि आपल्या मुलीने तेच केले तर दार लावायचे, हा हिशोबही नियतीचा नाही. (शेजारच्या हिंदू घरातला हिशोब फार निराळा असतो असे नाही.)

अलाहाबाद उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये नोटीस प्रसिद्ध करणे जोडप्याच्या इच्छेवर सोडले. महाराष्ट्र शासनाने डिसेंबर २०२२ मध्ये आंतरधर्मीय जोडप्यांची माहिती घेणारी समिती नेमली, म्हणजे पाऊल उलट दिशेने पडले. वयाचा दाखला, ओळखपत्र, आधीचे लग्न नसल्याचे प्रतिज्ञापत्र हे सारे कार्यालयात बसून तपासता येते. त्यासाठी दोन माणसांचा पत्ता भिंतीवर डकवायची गरज नाही. एकाच धर्मातल्या विधिवत लग्नाची नोंद करताना तसा कोणी डकवतही नाही.