पोरं निघून गेली, आई घरात होती

११ डिसेंबर २०२३. मध्यरात्र उलटून गेलेली. बेळगावात कर्नाटक विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन चालू होतं, सगळं सरकार इथेच मुक्कामाला. त्या दिवसांतला पोलीस बंदोबस्त काय असतो ते आपल्याला वेगळं सांगायला नको, दरवर्षी महामेळाव्याच्या वेळी बघतोच. आणि याच तालुक्यातल्या न्यू वंटमुरीत एका आईला घरातून ओढून बाहेर काढलं, विवस्त्र करून धिंड काढली, खांबाला बांधून मारलं. मुलगा गावातल्या मुलीबरोबर निघून गेला, एवढंच कारण.

उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. पोलीस उशिरा का पोचले हे विचारलं, नुसतं बघत उभ्या राहिलेल्या गर्दीवरही बोट ठेवलं. मग पुढाऱ्यांची दवाखान्यात रीघ लागली, तेव्हा परवानगीशिवाय तिला भेटायला जायचं नाही असा आदेश द्यावा लागला. म्हणजे आधी गर्दीपासून वाचवायचं आणि नंतर सांत्वनाला येणाऱ्यांपासून!

आपल्याकडे 'पोलीस संरक्षण' म्हटलं की पळून गेलेली जोडीच डोळ्यांपुढे येते. पण जोडी तर गावाबाहेर गेलेली असते. राग निघतो तो मागे राहिलेल्यांवर. आई, धाकटी बहीण, म्हातारा बाप. त्यांना कुठे पळून जाता येतंय?

२७ मार्च २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने शक्ती वाहिनी खटल्यात जे निर्देश दिले, त्यात हे आहे. धोका कळला की जोडप्याला आणि कुटुंबाला तातडीने संरक्षण द्यायचं, गरज पडली तर सुरक्षित घरात हलवायचं. जिल्ह्यात खास कक्ष आणि चोवीस तास हेल्पलाइन हवी. माहिती असून पोलिसांनी हालचाल केली नाही तर खात्यांतर्गत कारवाई. हे सगळं देशभर लागू आहे. आपल्या जिल्ह्यात तो कक्ष कुठल्या खोलीत बसतो, हेल्पलाइनचा नंबर काय, हे तुमच्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? ठाऊक नसेल तर दोष तुमचा नाही. पोलीस ठाण्याच्या भिंतीवर तो ठळक लिहिलेला असायला हवा, आणि ही मागणी आता आपणच लावून धरायला हवी.

वंटमुरीत सगळं काही तासांत घडलं. धारवाड खंडपीठात याचिका टाकायला वेळच नव्हता. म्हणून जे सज्ञान आहेत आणि निर्णय घेऊन बसलेत त्यांना एक सांगणं आहे. निघण्याआधी लेखी अर्ज द्या, आणि अर्जात स्वतःच्या नावांबरोबर घरच्यांची नावं, पत्ता, कोणाकडून धोका आहे तेही लिहा. घर कुठल्या गल्लीत, रात्री घरात कोण असतं, हेसुद्धा.

ठाण्यात गेलो की पहिला फोन मुलीच्या बापाला जाईल, ही भीती खोटी नाही. म्हणून अर्ज वकिलामार्फत थेट पोलीस अधीक्षकांकडे द्या, शहर हद्दीत असाल तर आयुक्तांकडे, आणि पोच घ्या. वकिलाला पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. बाईला तिथे उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. फोन १५१००. प्रत्यक्ष हल्ला होत असेल तर मात्र सरळ ११२.

आणि भाषेचं. मराठीत अर्ज देण्याचा हट्ट आपला आहे, तो सोडायचा नाही. पण इथे एका रात्रीचा प्रश्न असतो. कन्नड किंवा इंग्रजीत लिहून द्या, परत पाठवायला निमित्त नको. भांडण नंतर करू.

राहता राहिली आई. तिला आधी सांगा. ती चिडेल, रडेल, कदाचित शापही देईल. पण त्या रात्री मामाकडे, मावशीकडे, कुठेतरी जाऊन झोपायचं की नाही, हे तिला ठरवता येईल.