पश्चात्ताप कोणी करायचा?

चोर दिसला की मराठी समीक्षेला वाल्या कोळी आठवतो, आणि मिशनऱ्यांचा विषय निघाला की क्रुसावरचा चोर. लक्ष्मण गायकवाड यांच्या 'उचल्या'वरील (१९८७) उत्तरांतही 'पश्चात्तापातून उद्धार' हा मथळा ठरून गेलेला. वस्तुतः शाळेत जाणाऱ्या, पुढे लातूरच्या सूतगिरणीत राबणाऱ्या निवेदकाचे ते आत्मकथन आहे. आमचा या वाचनालाच विरोध आहे.

लूकच्या शुभवर्तमानातील (अध्याय २३) तो चोर काय बोलतो, हे आधी नीट वाचावे. आपल्याला मिळते आहे ते आपल्याच कृत्यांचे फळ, येशूने मात्र काही वावगे केलेले नाही, असे तो आपल्या सोबत्याला सुनावतो. त्याची जात, त्याचा बाप, त्याची वस्ती यांविषयी मजकुरात अवाक्षर नाही. अनुताप आहे तो स्वतःच्या कृत्याचा. त्याच दिवशी सुखलोकात नेण्याचे अभिवचन मिळते तेही एका माणसाला, जमातीला नव्हे.

१८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्याने नेमके उलटे केले. गुन्हा जन्माला चिकटवला आणि माणसांमागे हजेरी लावून दिली. विसाव्या शतकाच्या आरंभी सरकारने अशा जमातींच्या काही वसाहती मुक्तिफौजेसारख्या ख्रिस्ती संस्थांच्या हाती सोपवल्या. 'फकीर सिंग' हे नाव घेणाऱ्या फ्रेडरिक बूथ-टकर यांच्या कळकळीविषयी आम्हांला शंका नाही. तेथे कोणाला श्रद्धेचा खरा आधार मिळाला असेल, तर त्याची टवाळीही करायची नाही. परंतु न केलेल्या चोरीचा अनुताप मागणे हा शुभवर्तमानाचाच विपर्यास होय.

लूकनेच चार अध्याय आधी जक्कयाची गोष्ट सांगितली आहे. हा मुख्य जकातदार, श्रीमंत, राज्यकर्त्यांसाठी वसुली करणारा. अन्यायाने घेतलेले चौपट परत करीन, असे तो सर्वांसमक्ष म्हणतो. आमच्या समीक्षेला चोर पाठ आहे, जकातदार नाही! 'उचल्या'शेजारी ठेवायची ती ही कथा. तिथे अनुतापाचे देणे सत्तेच्या बाजूला निघते.

उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर येथील मुले आमच्या वर्गांत बसतात. अंबरनाथमध्ये कंजारभाटांची वस्ती आहे, आणि त्या कायद्याच्या यादीत हा समाजही होता. कायदा १९५२ साली रद्द झाला. त्या वस्तीतून आलेल्या मुलीला 'चोराचा पश्चात्ताप' या मुद्द्याचे टिपण आम्ही कोणत्या तोंडाने उतरवून द्यायचे? सराव परीक्षेतून तो प्रश्न आम्ही काढून टाकला आहे. त्या जागी जक्कय आणि 'उचल्या' यांची तुलना विचारणार आहोत.