सवलत देणारा हात कोणाचा?

शिक्षकी पेशा हा महाराष्ट्राबाहेरील मराठी घरांचा जुना सोबती. इंदूर असो, बडोदे असो वा बेळगाव, आप्तांत एखादी शिक्षिका किंवा गुरुजी नाहीत असे घर विरळाच. म्हणूनच शिक्षक पात्रता परीक्षेचा प्रश्न आमच्या वाचकांस परका नाही. “आम्हांला माफी आहे,” असे पुष्कळजण धरून चालतात. परंतु माफी देण्याचा अधिकार मुळात कोणाचा, हे क्वचितच विचारले जाते.

या विषयाचे मूळ २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याच्या २३ व्या कलमात आहे. पहिली ते आठवीच्या शिक्षकांची किमान पात्रता केंद्राने नेमलेल्या प्राधिकरणाने ठरवावी, असे ते सांगते. त्यानुसार राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी ही परीक्षा आवश्यक केली. परीक्षा राज्येही घेतात. पात्रता शिथिल करण्याचा अधिकार मात्र कायद्याने केंद्र सरकारच्याच हाती ठेवला आहे. तोही राज्यात प्रशिक्षणसंस्था वा पात्र शिक्षक पुरेसे नसतील तरच, आणि फार तर पाच वर्षांपुरता. तेव्हा एखाद्या अधिकाऱ्याने वा संस्थाचालकाने दिलेले आश्वासन कितीही सद्भावनेचे असले, तरी त्यावर नोकरी विसंबू शकत नाही.

२०१० पूर्वी नेमलेल्या शिक्षकांना त्या अधिसूचनेने अभय दिले होते. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, महाराष्ट्र व तामिळनाडूतील प्रकरणांचा निकाल देताना, या अभयास मर्यादा घातली. निवृत्तीस पाच वर्षांहून अधिक काळ असलेल्या जुन्या शिक्षकांनी दोन वर्षांत परीक्षा उत्तीर्ण व्हावी. त्याहून कमी काळ उरलेल्यांनी सेवा पूर्ण करावी, मात्र परीक्षेवाचून त्यांना बढती नाही, असा तो आदेश होता.

आपल्या समाजाच्या दृष्टीने त्यातील आणखी एक भाग महत्त्वाचा. घटनेच्या ३० व्या कलमाचे संरक्षण धार्मिक अल्पसंख्याकांइतकेच भाषिक अल्पसंख्याकांनाही आहे. अल्पसंख्याक शाळांना शिक्षण हक्क कायदा लागू नाही, असे घटनापीठाने २०१४ साली ठरविले होते. २०२५ च्या निकालाने त्याविषयी शंका व्यक्त करून तो प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपविण्यासाठी सरन्यायाधीशांपुढे ठेवला, आणि त्याचा निर्णय होईपर्यंत अशा शाळांना वगळले. म्हणजे परप्रांतातील मराठी अल्पसंख्याक संस्थेस मिळालेली ही मोकळीक कायमची नव्हे. ती त्या निर्णयाच्या स्वाधीन आहे.

पंचवीस वर्षे फळ्यासमोर उभे राहिलेल्या माणसास पुन्हा परीक्षार्थी व्हावे लागणे क्लेशदायक आहे, हे आम्ही जाणतो. परंतु उत्तम शिक्षक मिळण्याचा मुलांचा हक्कही तितकाच खरा. आमचे म्हणणे एवढेच, की सवलतीचा अधिकार ज्याने आपल्या हाती ठेवला, त्यानेच तयारीसाठी वेळ, मार्गदर्शन आणि मातृभाषेतील साहित्य पुरविण्याची जबाबदारीही उचलावी. अधिकार दिल्लीस आणि भार एकट्या गुरुजींवर, ही वाटणी न्यायाची नव्हे.

वाचकांपैकी जे शिक्षक आहेत त्यांनी तोंडी दिलाशावर राहू नये. आपणांस सवलत आहे असे कोणी सांगितले, तर कोणत्या कलमाखाली, कोणाच्या सहीने आणि किती मुदतीसाठी, हे लेखी मागून घ्यावे. शाळेच्या चालकांनीही अल्पसंख्याक दर्जाची कागदपत्रे आजच तपासून ठेवावीत.