‘सडा’ म्हणजे काय? अंगणात शिंपतात, हिंदीत कुजतो आणि मिरजोळ्यात पायाखाली असतो!

एकच शब्द, अक्षरे दोनच. पुण्यात किंवा नाशिकमध्ये ‘सडा’ म्हटले की पहाटेचे अंगण, शेणाचे पाणी आणि रांगोळी डोळ्यांसमोर येते. हिंदी बोलणाऱ्याच्या कानाला तोच शब्द नासलेल्या फळासारखा लागतो. आणि रत्नागिरी शहराला लागून असलेल्या मिरजोळ्यात ‘सड्यावर जाऊन येतो’ असे कुणी म्हणाले, तर तो ना शिंपायला निघालेला असतो, ना काही नासलेले असते. तो गावाच्या वरच्या सपाट कातळावर निघालेला असतो.

शब्दांचा असा गोंधळ ऐकायला गमतीचा वाटतो. मात्र तो जमिनीच्या कागदावर पोहोचला की गंमत संपते. ज्या जमिनीला गावाकडे नेमका शब्द आहे, तिला सरकारी नोंदीत ‘पोटखराब’ किंवा ‘पडीक’ म्हटले जाते. या दोन नावांमधल्या अंतरात कोकणातल्या हजारो एकरांचे भवितव्य ठरते आहे. त्यामुळे ‘सडा’ हा विषय केवळ भाषाप्रेमींचा राहिलेला नाही.

मिरजोळ्यातला सडा म्हणजे नेमके काय?

कोकणच्या किनारपट्टीत खाड्यांच्या मधल्या डोंगरांचे माथे अनेक ठिकाणी टोकदार नसतात, ते टेबलासारखे सपाट असतात. माथ्यावर जांभ्या दगडाचा जाड थर असतो. माती कुठे बोटभर, कुठे तीही नाही. या उघड्या, सपाट, कातळी माथ्याला सडा म्हणतात. मालवणीत आणि गोव्याच्या कोकणीत तोच शब्द ‘सडो’ होतो. गोव्यात मुरगाव बंदराच्या डोक्यावरच्या वस्तीचे नावच ‘सडा’ आहे. घाटावर पाटण तालुक्यातील सडावाघापूर हे पठारावरचे गाव उलट्या धबधब्यासाठी प्रसिद्ध आहे. त्याच्या नावातला सडाही हाच.

मिरजोळे हे या भूगोलाचे चांगले उदाहरण आहे. खाली वाड्या, भातशेती, आंबा-काजू आणि वर सपाट कातळ अशी इथली रचना. याच सपाटीमुळे एमआयडीसी इथे आली आणि मासळीवर प्रक्रिया करणाऱ्या उद्योगांसह अनेक कारखाने उभे राहिले. देशाच्या वेगवेगळ्या भागांतून लोक कामाला येऊ लागले आणि ‘सडा’ हा शब्द वेगवेगळ्या भाषांच्या कानांवर पडू लागला.

मग अंगणातला सडा वेगळा?

हो. खुद्द मराठीतच या शब्दाचे किमान तीन अर्थ नांदतात. पहिला शिंपण्याचा. सडा-रांगोळी, सडासंमार्जन, प्राजक्ताचा सडा हे प्रयोग सगळ्यांच्या ओळखीचे. दुसरा अर्थ एकटा, पाश नसलेला. ‘सडाफटिंग’ माणसाच्या मागे बायकामुले नसतात. मराठेशाहीच्या इतिहासात ‘सडी फौज’ म्हणजे बाजारबुणगे आणि जड सामान मागे ठेवून वेगाने निघालेले सैन्य. तिसरा अर्थ कोकणातला, कातळमाथ्याचा.

त्यात क्रियापदांची भर पडते. सडणे म्हणजे कुजणे. पण भात सडणे म्हणजे उखळात कांडून तांदळाची फोलपटे आणि कोंडा काढणे. ‘हातसडीचा तांदूळ’ हा शब्द त्यातूनच आला. हातसडीचा तांदूळ महाग का, हे विचारणाऱ्याला तो सडलेला नाही हे आधी सांगावे लागते!

हे सगळे शब्द एकाच मुळातून आले असतील का? तसे गृहीत धरायचे कारण नाही. कातळ उघडा-बोडका, सडाफटिंग माणूसही मोकळा, म्हणून दोघांचे नाते जोडायचा मोह होतो. मात्र उच्चार जुळला म्हणून कूळ जुळतेच असे नाही. अशा जुळवाजुळवीतूनच गावांच्या नावांच्या खोट्या व्युत्पत्ती तयार होतात आणि फॉरवर्ड होत फिरतात.

भाषा बदलली की काय होते?

हिंदीत ‘सड़ा’ म्हणजे कुजलेला. गुजरातीत ‘सडो’ म्हणजे कुज, कीड. दाताला लागते तीसुद्धा. पंजाबीत ‘साडा’ म्हणजे आपला, आमचा. ‘ड’च्या जागी ‘द’ आला की आणखी पसारा. संस्कृत आणि हिंदीत ‘सदा’ म्हणजे नेहमी, उर्दूत ‘सदा’ म्हणजे हाक किंवा आवाज, अरबीत जवळपास तसाच उच्चार प्रतिध्वनीसाठी आहे.

फोनच्या पडद्यावर हा गोंधळ वाढतो. इंग्रजी अक्षरांत लिहिताना ‘ड’ आणि ‘द’ या दोन्हींसाठी सर्रास ‘डी’ वापरला जातो, शिवाय ‘अ’ आणि ‘आ’ दोन्हींसाठी ‘ए’. परिणामी सडा, सदा, सादा आणि साडा या चारही शब्दांचे स्पेलिंग एकच होते. नकाशावर इंग्रजीत लिहिलेले असे नाव पाहून बाहेरच्या माणसाला त्यातला कातळ कळण्याचा मार्गच उरत नाही. देवनागरीतले नाव हा अशा ठिकाणी भाषिक अस्मितेचाच नाही, तर अचूक माहितीचाही प्रश्न असतो.

या दगडाला जगाने काय नाव दिले?

सड्याचा दगड म्हणजे जांभा. त्याचे चौकोनी ठोकळे म्हणजे चिरे. केरळमध्ये मल्याळम भाषेत याला ‘वेट्टुकल्लू’ म्हणतात, म्हणजे कापायचा दगड. स्कॉटिश सर्वेक्षक फ्रान्सिस बुकॅनन याने केरळमधील अंगाडिपुरम इथे हा दगड पाहिला. खाणीतून काढताना मऊ, लोखंडी अवजाराने कापता येणारा आणि हवेत राहिला की कडक होणारा. १८०७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रवासवृत्तांतात त्याने त्याला ‘लॅटेराइट’ हे नाव दिले. लॅटिनमध्ये ‘लॅटर’ म्हणजे वीट.

यातली गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. मल्याळी माणसाने दगडाला त्याच्या उपयोगावरून नाव दिले होते. बुकॅननचे नावही उपयोगावरूनच आले, फक्त लॅटिनमधून. आज जगभरच्या भूगर्भशास्त्राच्या पुस्तकांत लॅटेराइट आहे. स्थानिक शब्द चुकीचा होता असे नव्हे. पुस्तक आणि नकाशे ज्यांच्या हातात होते, त्यांचा शब्द टिकला.

सातबारावर सडा कुठे आहे?

जमिनीच्या नोंदीची भाषा महसुलाची आहे. जमीन किती पिकते आणि तिच्यावर किती आकार बसतो, हा तिचा मूळ प्रश्न. त्यामुळे कोकणात भाताची खरीप जमीन, नाचणी-वरीची वरकस जमीन, बागायत असे प्रकार झाले आणि जे लागवडीला अयोग्य ते ‘पोटखराब’ झाले. देशपातळीवर उपग्रह छायाचित्रांवरून तयार होणाऱ्या ‘वेस्टलँड ॲटलास’मध्येही उघड्या खडकाळ जमिनीचा वेगळा वर्ग आहे. नावातच ‘वेस्ट’, म्हणजे वाया गेलेली.

महसुलाच्या हिशेबात हे बरोबरच आहे. सड्यावर भात पिकत नाही. पण पिकत नाही म्हणजे तिथे काही नाही, ही दुसरी पायरी चुकीची आहे. ‘पोटखराब’ हा शब्द पहिली गोष्ट सांगतो आणि वाचणारा दुसरी समजतो.

सड्यावर असते तरी काय?

आधी पाणी. रत्नागिरीत वर्षाला सरासरी ३००० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. जांभा सच्छिद्र असतो. सड्यावर पडलेल्या पाण्याचा काही भाग भेगा-पोकळ्यांतून आत मुरतो आणि उतारावर, पायथ्याला झऱ्यांच्या रूपाने बाहेर येतो. खालच्या वाडीतली विहीर आणि वरचा सडा यांचे नाते असते, ते हे.

मग गवत आणि फुले. उन्हाळ्यात करपलेला दिसणारा कातळ पावसाळ्यात सीतेची आसवे, गेंद, दवबिंदू अशा छोट्या वनस्पतींनी भरून जातो. यातल्या सीतेची आसवे आणि दवबिंदू या कीटक पकडून खाणाऱ्या आहेत, कारण मातीत पोषण नाही. ‘डिपकॅडी कोंकणेन्स’ ही पांढऱ्या फुलांची कंदवर्गीय वनस्पती तर कोकणच्या सड्यांचीच रहिवासी. साताऱ्याचे कास पठार २०१२ मध्ये पश्चिम घाटाबरोबर जागतिक वारसा यादीत गेले, तेही अशाच जांभ्याच्या माथ्यामुळे. कासला ‘पठार’ म्हणून प्रसिद्धी मिळाली. कोकणातले सडे फुलतात, पण कागदावर ते पडीकच राहतात.

आणि कातळशिल्पे. सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि सुरेंद्र ठाकूरदेसाई यांनी गेल्या दशकात गावोगाव फिरून रत्नागिरी जिल्ह्यातील सड्यांवर कोरलेल्या शेकडो आकृत्यांची नोंद केली. हत्ती, मासे, माणसे, आज कोकणात न दिसणारा गेंडा. २०२२ मध्ये उक्षी, जांभरूण, कशेळी, रुंढे तळी, देवीहसोळ, बारसू, देवाचे गोठणे, सिंधुदुर्गातील कुडोपी आणि गोव्यातील फणसायमाळ ही ९ ठिकाणे युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली. या शोधाला गुराख्यांनी आणि शेतकऱ्यांनी दिलेली माहिती उपयोगी पडली. ज्यांच्या बोलीत सडा होता, त्यांना त्यावर काय आहे हे ठाऊक होते.

म्हणजे सड्यावर काहीच उभारायचे नाही का?

असे म्हणणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. मिरजोळ्याच्या सड्यावरील कारखान्यांनी परिसरातील घरे चालवली आहेत. कोकणातली जुनी घरे, गडगे आणि देवळे चिऱ्यांचीच आहेत आणि चिरा खाणीतूनच येतो. चिपी आणि मोपा हे दोन्ही विमानतळ पठारांवर आहेत, कारण कोकण-गोव्यात एवढी सपाट जागा दुसरीकडे मिळणे अवघड. भातशेती बुडवून कारखाना काढण्यापेक्षा कातळावर काढणे बरे, हा युक्तिवादही पोकळ नाही.

प्रश्न उभारायचे की नाही हा नाही. निर्णय घेताना समोर काय आहे हे माहीत आहे का, हा आहे. ‘पडीक जमीन देतो’ म्हटले की तोटा शून्य धरला जातो. ‘सडा देतो’ म्हटले की पुढचे प्रश्न आपोआप येतात. कोणता सडा? त्याचे झरे कोणत्या वाडीत उतरतात? गुरे कुठे चरतात? त्यावर कोरीव काम आहे का? २०२३ मध्ये बारसूच्या सड्यावर रिफायनरीसाठी माती परीक्षण सुरू झाले, तेव्हा मोठे आंदोलन झाले. त्या वादात दोन्ही बाजूंना मुद्दे होते. पण सड्याची पूर्ण नोंद आधीच कागदावर असती, तर निदान काय पणाला लागले आहे यावरून तरी वाद झाला नसता.

गावाला काय करता येईल?

त्यासाठी नवा कायदा लागत नाही. सातबाऱ्यावर ‘शेताचे स्थानिक नाव’ लिहायला जागा असते. कोकणात जवळपास प्रत्येक ठिकाणाला नाव असते. ते नाव तिथे अचूक आणि देवनागरीत आहे का, हे खातेदार ऑनलाइन उताऱ्यावर स्वतः पाहू शकतो.

दुसरा मार्ग अधिक महत्त्वाचा. जैवविविधता कायदा, २००२ नुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोक जैवविविधता नोंदवही अपेक्षित आहे. गावातल्या अधिवासांची, वनस्पतींची आणि त्यांच्या स्थानिक नावांची नोंद तीत करायची असते. या नोंदवहीत ‘सडा’ हे स्वतंत्र प्रकरण हवे. सड्याचे नाव, त्याची हद्द, झरे, गवत, फुले, कोरीव आकृत्या आणि गावकरी त्याचा काय उपयोग करतात, एवढे लिहिले तरी पुढच्या प्रत्येक प्रस्तावाच्या वेळी दाखवायला कागद असेल. याच कायद्याखाली राज्य सरकार जैवविविधता वारसा स्थळही घोषित करू शकते. २०२१ मध्ये आंबोलीतील हिरण्यकेशीचा परिसर तसा घोषित झाला.

हे काम जुन्या माणसांशिवाय होणार नाही. गुरे राखणाऱ्या, गवत कापणाऱ्या पिढीला प्रत्येक सड्याचे कोपरे नावाने माहीत आहेत. पुढची पिढी कामासाठी मुंबईत आहे किंवा गावातच असली तरी सड्यावर कारखान्याच्या पाळीपुरती जाते. नावे सांगणारे आहेत तोवरच ती उतरवून घेता येतील.

भाषा वाचवायची म्हणून हा शब्द जपा, असे म्हणण्याची गरज नाही. अंगणातला सडा कुणीही विसरणार नाही, हिंदीतला तर रोज कानावर पडेल. कोकणातला सडा मात्र ज्या जमिनीचे नाव आहे तिच्याबरोबरच टिकेल किंवा जाईल. सड्याचे नाव ग्रामपंचायतीच्या नोंदवहीत उतरले नाही, तर त्या जमिनीचा अर्थ दुसऱ्या कुणाच्या कोशात पाहून ठरवला जाईल.