स्वप्नाला साक्षीदार हवा

'यात नवीन ते काय? हे सारे आपल्याकडे होतेच!' हे वाक्य आपल्या मंडळींच्या बैठकांत इतक्या सहजतेने उच्चारले जाते, की त्यापुढे चर्चाच खुंटते. जागेपणी अनेकांना एकाच स्वप्नात ओढून नेणाऱ्या शक्तीची कल्पना आधुनिक कथा-चित्रपटांत रंगवली जाते. तिचा विषय निघाला, की कोणी उषा-अनिरुद्धाचे नाव घेतो, कोणी योगवासिष्ठाचा हवाला देतो आणि प्रकरण निकालात निघते. या आत्मसंतुष्टतेचा समाचार घेणे आता आवश्यक झाले आहे.

प्रथम नव्या कल्पनेचे स्वरूप पाहू. जपानी लेखक यासुताका त्सुत्सुई यांची 'पॅप्रिका' ही कादंबरी १९९३ मध्ये ग्रंथरूपाने आली. सातोशी कोन यांनी २००६ मध्ये तिच्यावर त्याच नावाचा ॲनिमेशनपट केला. रुग्णांच्या स्वप्नांत शिरून मनोविकारांवर उपचार करणारे एक छोटे यंत्र त्यात आहे. ते कोणी वापरावे याचे निर्बंध घालण्यापूर्वीच ते चोरीला जाते. मग संस्थेचा प्रमुख, चांगला जागा असलेला गृहस्थ, बोलता बोलता असंबद्ध बरळू लागतो आणि खिडकीतून उडी घेतो. परक्या स्वप्नाने त्याला जागेपणीच ग्रासलेले असते. बाहुल्या, बेडूक, फ्रिज यांची वाजतगाजत निघालेली स्वप्नातली मिरवणूक एकेकाला पोटात घेत अखेर शहराच्या रस्त्यांवर उतरते.

आता योगवासिष्ठाच्या उत्पत्तिप्रकरणातील लवण राजा पाहा. हरिश्चंद्राच्या कुळातील हा राजा भरसभेत बसलेला असताना एक ऐंद्रजालिक येतो आणि मोरपिसांचा कुंचा फिरवतो. समोर आलेल्या घोड्यावर राजाची दृष्टी खिळते व तो निश्चल होतो. तेवढ्या अल्प अवधीत तो विंध्यारण्यात चांडाळकन्येशी संसार करतो, मुले होतात, भीषण दुष्काळ पडतो. भुकेल्या मुलाला आपलेच मांस मिळावे म्हणून अग्नीत देह टाकण्याच्या क्षणी तो सिंहासनावर भानावर येतो.

साम्य आहे, हे कोण नाकारील? परंतु लवणाच्या कथेत स्वप्न एकट्या राजाला पडते. सभा जागी असते. प्रत्यक्षात किती वेळ गेला, हे सांगणारी माणसे समोर बसलेली असतात. शिवाय राजा 'मला अनुभव आला' एवढ्यावर थांबत नाही. तो विंध्याकडे निघतो, तिथल्या माणसांना भेटतो, त्यांचा शोक ऐकतो. या पडताळणीने कोडे सुटत नाही, उलट अधिक गहन होते. तरीही तो पडताळतो. उषेचेही तसेच. तिने स्वप्नात पाहिलेला पुरुष कोण, हे चित्रलेखेने एकामागून एक चित्रे काढून निश्चित केले. आपल्या कथांचे खरे वैशिष्ट्य स्वप्नात नाही, स्वप्नाच्या या तपासणीत आहे. 'पॅप्रिका'तील भय नेमके इथे सुरू होते: सगळेच मिरवणुकीत सामील झाले, तर 'हे स्वप्न आहे' असे सांगायला मागे कोण उरणार?

म्हणून माझा आक्षेप असा, की 'सारे आपल्याकडे होतेच' हे वाक्यच आपल्या समाजाचे सामुदायिक जागेपणीचे स्वप्न झाले आहे. सगळे माना डोलावतात. पोथी कोणीच उघडत नाही.

कोणी म्हणेल, परप्रांतात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्यांना अभिमानाचा आधार हवाच. हवा, पण तो वाचलेल्या ग्रंथाचा असावा, ऐकीव नावाचा नव्हे. बडोद्यात सयाजीराव गायकवाडांनी १९१० मध्ये सार्वजनिक ग्रंथालयांची चळवळ हाती घेतली, ती लोकांनी वाचावे म्हणून. आज घरातील नातवंडे असा चित्रपट पाहून कुतूहलाने प्रश्न विचारतात, तेव्हा आपण त्यांना तयार उत्तर देऊन गप्प करतो. पुढच्या वेळी ती विचारीतच नाहीत, आणि मराठीत विचारण्याजोगे काही असते हेही विसरतात. भाषा अशीच घरातून निघून जाते; तिला कोणी हाकलावे लागत नाही.

यापुढे कोणी हे वाक्य उच्चारले, तर 'कोणत्या ग्रंथात, कोणत्या प्रकरणात, आणि नेमके काय?' असे नम्रपणे विचारावे. बैठक थोडी अवघडेल. अवघडू द्यावी. लवणाच्या सभेत निदान सभासद तरी जागे होते.