लाज कोणाची झाकावयाची?



मनोरुग्णालयाच्या भिंतीआड कॅमेरा न्यावा की नेऊ नये, या प्रश्नाचा विचार करताना अमेरिकेतील एका अनुबोधपटाचा इतिहास आम्हांस बोधप्रद वाटतो.

मॅसॅच्युसेट्स राज्यात ब्रिजवॉटर येथे मनोरुग्ण बंदिजनांचे सरकारी रुग्णालय आहे. कायद्याचे अध्यापक फ्रेडरिक वाइझमन आपल्या विद्यार्थ्यांना तेथे नेत असत. १९६६ साली अधिकाऱ्यांच्या अनुमतीने त्यांनी तेथे चित्रण केले, व १९६७ साली 'टिटिकट फॉलीज' हा ८४ मिनिटांचा कृष्णधवल चित्रपट लोकांपुढे आला. त्यात निवेदक नाही. जे घडते तेच दिसते. विवस्त्र माणसे रिकाम्या कोठड्यांत कोंडलेली आहेत. अन्न नाकारणाऱ्या एका रुग्णाच्या नाकात नळी घालून डॉक्टर अन्न ओततात, आणि त्यांच्या तोंडातील सिगारेटची राख नरसाळ्यावर लोंबत असते. मध्येच त्याच माणसाचे प्रेत दफनासाठी तयार होताना दिसते. दाढी मात्र त्या वेळी जपून केली जाते.

सरकार न्यायालयात गेले. रुग्णांच्या खाजगी जीवनाचा भंग झाला, असे त्याचे म्हणणे होते. १९६८ साली न्यायाधीशांनी चित्रपटाच्या प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. १९६९ साली वरिष्ठ न्यायालयाने तो सौम्य करून डॉक्टर, वकील, समाजसेवक, विद्यार्थी इत्यादींनाच तो दाखविण्याची मुभा दिली. सर्वसामान्यांवरील बंदी १९९१ साली उठली.

ज्यांनी माणसांना विवस्त्र ठेविले, तेच त्यांच्या लज्जेचे कैवारी झाले, हे पाहून खेद होतो. तथापि तो आक्षेप सर्वस्वी पोकळ नव्हता. अधिकाऱ्यांची अनुमती म्हणजे रुग्णाची अनुमती नव्हे. ज्याला आपण कशास होकार देतो हेच उमगत नाही, त्याची नग्नता जगापुढे मांडण्याचा अधिकार सद्हेतूनेही आपोआप मिळत नाही.

याहून निराळी वाटही आहे. १९९५ च्या उन्हाळ्यात फ्रान्समधील ला बोर्द या संस्थेत रुग्ण व सेवक मिळून नाटक बसवीत होते. त्यांचे चित्रण करण्यापूर्वी निकोला फिलिबेर यांनी आपल्या मनातील संकोच रुग्णांपुढेच मांडला. तेथे रुग्ण हा पाहण्याचा विषय राहत नाही. तो सहकारी होतो.

आपल्या देशातही २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने, उपचार घेणाऱ्या रुग्णाचे छायाचित्र त्याच्या संमतीवाचून वृत्तमाध्यमांस देण्यास मनाई केली आहे. हा नियम उचितच होय. परंतु तो रुग्णाचे रक्षण करण्यासाठी आहे, संस्थेची अब्रू राखण्यासाठी नव्हे. कॅमेरा बाहेर थांबला, तरी माणसांची पावले आत गेलीच पाहिजेत.

म्हणून आमचे सांगणे एवढेच. आपल्या घरचे वा शेजारचे कोणी अशा रुग्णालयात असेल, तर त्यास भेटावयास जा. त्याचे कपडे, अंथरूण, जेवण पाहा. त्यास नावाने हाक मारा आणि काही उणे दिसल्यास विचारा. ज्याच्याकडे कोणी येते, त्याची हेळसांड करणे कोणासही सोपे जात नाही.